डबीतलं चांदणं

पांढरा रंग सगळ्यांत आधी कोपराच्या आतल्या घडीत फुटतो. हात सरळ असतो तोवर काही कळत नाही. तो वाकला की कातडीला बारीक चुणी पडते, चुणीत रंगाची कड मोडते, आणि हात पुन्हा सरळ केला की तिथं केसाएवढी तपकिरी रेघ उरते. चार हातांवरून ती दिसत नाही. प्रेक्षागृहातून तर नाहीच नाही. पण अहिल्याला ती दिसायची, आणि दिसली की मिटवल्याशिवाय तिला चैन पडत नसे.

"अजून एकदा वाकव," ती म्हणाली.

इलानं हात वाकवला. शनिवारची दुपार होती. डेट्रॉइटजवळच्या नोव्हायमधल्या त्यांच्या घराच्या स्वयंपाकघरात, खिडकीजवळ अंथरलेल्या जुन्या टॉवेलवर ती उभी होती; दोन्ही हात अंगापासून लांब धरून, नुकत्या रंगवलेल्या दारासारखी, कशाला टेकायची सोय नसलेली. खांद्यापासून नखांपर्यंत ती दुधासारखी पांढरी होती. गळ्यापासून वर मात्र तिची ती होती. चांगली सावळी. थेट आईसारखी.

"ग्लिसरीन कमी पडलं," अहिल्या स्वतःशीच म्हणाली.

"आई, इट्स फाइन. कोणी झूम करून बघत नाही."

"मी बघते ना."

"आय नो," इला म्हणाली, आणि खिडकीबाहेर बघत राहिली.

अहिल्याचं कामच ते होतं. नागपूरला रंगांचं रसायनशास्त्र शिकून ती इथं आली, आणि गेली वीस वर्षं मोटारींना रंग पुरवणाऱ्या एका कंपनीच्या प्रयोगशाळेत होती. लोकांना वाटतं, गाडी एका रंगाची असते. ती तशी नसते. दार पत्र्याचं, बंपर प्लॅस्टिकचा. दोन्ही वेगवेगळ्या कारखान्यांत, वेगवेगळ्या रंगांनी रंगतात, आणि तरी शेजारी शेजारी बसवल्यावर एकाच कुशीतून आल्यासारखे दिसावे लागतात. तेवढ्यासाठी अहिल्याला पगार मिळायचा. तिच्याकडे उजेडाचं एक कपाट होतं. त्यात बटण दाबलं की कधी दुपारचं ऊन पडायचं, कधी दुकानातला ट्यूबलाइट, कधी घरातला पिवळा दिवा. एका उजेडात गळ्यात गळे घालणारे रंग दुसऱ्या उजेडात सरळ फितूर होतात, हे ती नव्या पोरांना हसत हसत शिकवायची.

तिनं बोटानं कोपराची रेघ दाबून मिटवली, पडदा ओढला, वरचा दिवा लावला आणि पुन्हा पाहिलं. जुळत होतं. दर वेळी जुळलं की पोटात बारीकसं काहीतरी सुखावायचं. आजही सुखावलं, आणि त्या सुखावण्याचीच तिला लाज वाटली. ही लाज काही आजची नव्हती. एवढंच, की ती आता रंगाच्या आधीच हजर व्हायला लागली होती.

मिस लॉर्नाची बॅलेची शाळा एका लांबट दुकानांच्या रांगेत होती; एका बाजूला टॅक्सचं ऑफिस, दुसऱ्या बाजूला देशी किराणा. किराणावाला फोडणी बिणी करायचा नाही, पण हिंगाचा वास भिंतीतून यायचा, आणि त्या वासात पिआनोवर शोपँचं संगीत वाजत असायचं. आत शिरल्यावर समोरच एक मोठा काळा-पांढरा फोटो होता. लांब मानेची, कडक डोळ्यांची एक बाई. शाळेत तिला सगळे नुसतं मादाम म्हणत. मिस लॉर्ना लहानपणी डेट्रॉइटला तिच्याकडे शिकली होती.

अहिल्याला इतिहासात गती नव्हती, पण मुलीला आणायला-सोडायला जाऊन जाऊन तिला तो सगळा पाठ झाला होता. १९०९ साली रशियातून एक नाचणारी मंडळी पॅरिसला गेली आणि तिनं त्या शहराला वेड लावलं. कपडे, पडदे, संगीत, बायकांच्या टोप्या, दिवाणखान्यातल्या उशा, सगळ्यावर त्या नाचाचा रंग चढला. पुढं युद्ध आलं, मायदेशी क्रांती झाली, परतीची वाट बंद झाली. मंडळी आगगाडीत बसून अमेरिकासुद्धा फिरून गेली. वीस वर्षांनी तिचा चालक वारला आणि सगळे पांगले. त्यांच्यातल्या आणि त्यांच्या पाठोपाठच्या मंडळ्यांतल्या कितीतरी जणांनी मग जिथं पाय टेकला तिथं शाळा काढल्या. मादाम अशीच त्या मागाहूनच्या एका मंडळीबरोबर आली आणि डेट्रॉइटमध्ये एका चपलांच्या दुकानावर राहिली. म्हणून नोव्हायमधल्या पोरी हात उचलताना मनगट आधी उचलतात. कारण मादाम तसं उचलायची, आणि मादामला ज्यांनी शिकवलं तेही.

पूर्वी दर दोन वर्षांनी, हल्ली दरवर्षी, मिस लॉर्ना वसंतातल्या कार्यक्रमात त्या पॅरिसच्या हंगामातला एक नाच बसवायची. त्याला गोष्ट अशी नाहीच. चांदण्यात एक कवी, आणि त्याच्याभोवती लांब पांढऱ्या झग्यातल्या वीसेक मुली. पऱ्या म्हणा, त्याच्या मनातले विचार म्हणा. त्या सगळ्या मिळून एकच मुलगी वाटायला हवी, असं मिस लॉर्ना म्हणायची.

तीन वर्षांपूर्वी इलाला पहिल्यांदा त्या रांगेत घेतलं तेव्हा मिस लॉर्नानं अहिल्याला बाजूला बोलावलं होतं. बाई वाईट नव्हती. तिनं इलाला सहाव्या वर्षापासून घडवलं होतं. इलाचा पाय मोडला तेव्हा सूप घेऊन घरी आली होती.

"निळ्या उजेडात तिचे हात दिसेनासे होतात, अहिल्या," ती म्हणाली. "रांग तुटते. मादाम आम्हाला ओला पांढरा लावायची, हातांना, गळ्याला, पाठीला. मला तर दोन थर. माझ्या अंगावर वांगांचा सडा होता." आणि तिनं एक जुना पत्र्याचा डबा पुढं केला. "नको असेल तर तसं सांग. मी तिला दुसऱ्या भागातल्या नाचात घेईन."

त्या डब्यातला रंग इलाच्या हातावर राखेसारखा दिसला. आजारी माणसाच्या हातासारखा. अहिल्या तो बोटावर घेऊन चोळत राहिली. झिंक ऑक्साइड, खडू, बेतास बात ग्लिसरीन. खालच्या रंगाचा काही विचारच नाही. आणि मग ती जे बोलली ते तिला कुणी विचारलेलं नव्हतं.

"मी याहून चांगला बनवू शकते," ती म्हणाली.

झालं एवढंच होतं. कुणी जुलूम केला नव्हता. तिनं प्रयोगशाळेतून हातात मावणारं मोजयंत्र घरी आणलं, इलाच्या दंडाला लावलं, रांगेतल्या इतर मुलींच्या हातांचा अंदाज घेतला, चटणीच्या भांड्यात झिंक आणि केओलिन ही पांढरी माती दळली, चिमूटभर तांबडा लोह-ऑक्साइड घालून राखेची छटा मारली, गुलाबपाणी ओतलं. ते भांडं मग चटणीला वापरलं नाही. पहिल्या वर्षी पडदा उघडला आणि तिला रांगेत इला सापडेना, तेव्हा तिच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. आनंदाचं. आपली मुलगी आपल्याला ओळखू येत नाही, याचा आनंद.

त्या वर्षी इलानं एकदाच विचारलं होतं, "सगळ्या लावणार आहेत का हे?"

"पूर्वी सगळ्याच लावायच्या," अहिल्या म्हणाली होती. "गोऱ्यासुद्धा. चांदण्यात एकसारखं दिसायला."

ते खोटं नव्हतं. प्रश्न आजचा होता आणि तिनं उत्तर शंभर वर्षांपूर्वीचं दिलं होतं, इतकंच. आजच्या दिव्यांना निळा कागद लावला की बाकीच्या मुली आपोआप चांदण्याच्या होत. डबी फक्त एकीसाठी होती. इला चौदा वर्षांची होती, पण तेवढं तिला कळत होतं. तिनं पुन्हा विचारलं नाही.

दारावरची घंटा वाजली. शिवांगी आणि तिची रुही आल्या होत्या.

शिवांगी मूळची पुण्याची, एका कंपनीत प्रोजेक्ट मॅनेजर; बोलायला लागली की समोरच्याला हो म्हणायलाही जागा ठेवायची नाही. अकरा वर्षांच्या रुहीला या वर्षी पहिल्यांदाच रांगेच्या टोकाला उभं केलं होतं.

"अहिल्याताई, सॉरी हां, तुम्हाला त्रास देतेय. मिस लॉर्ना म्हणाल्या, अहिल्याला विचारा, ती जादू करते. आणि खरंच, तुमची इला किती छान ब्लेंड होते, कळतच नाही. आमचं बाळ म्हणजे," तिनं रुहीच्या डोक्यावर टपली मारली, "आजीवर गेलंय. तुम्हाला जरा जास्त मटेरियल लागेल."

रुही हसली. या विनोदाची तिला सवय असावी.

गेल्या वर्षी हीच शिवांगी शाळेवर चालून गेली होती. कार्यक्रमाच्या दुसऱ्या भागात पूर्वेकडचा नाच असायचा; त्याच रशियन मंडळीचा वारसा. सुलतानाचा महाल, दासी, मोत्यांच्या माळा. त्या नाचाआधी गोऱ्या मुली अंगाला तपकिरी रंग फासायच्या आणि इलाला म्हणायच्या, यू आर सो लकी, तुला काहीच लावावं लागत नाही. शिवांगीनं खरमरीत ईमेल लिहिला. आमच्या कातडीचा रंग हा तुमचा पोशाख नाही, असं त्यात होतं. सगळ्या देशी घरांनी खाली नावं घातली, अहिल्यानंसुद्धा. मिस लॉर्नानं पालकांसमोर उभं राहून, आवाज कापत, माफी मागितली. तपकिरी डबे कचऱ्यात गेले. मग शिवांगीच्या घरी मिसळ झाली.

त्या दिवशी परत येताना गाडीत इला म्हणाली होती, "सो, त्यांना ब्राउन होता येणार नाही. पण मी व्हाइट होऊ शकते." रागानं नाही. गणित सोडवताना पायरी मोठ्यानं वाचावी तसं.

"ते वेगळं आहे," अहिल्या म्हणाली.

"हाऊ?"

सिग्नल हिरवा झाला होता. अहिल्यानं गाडी पुढं घेतली.

आता तिनं खणातून मोजयंत्र काढलं. रुहीनं उत्साहानं बाही वर केली. यंत्र दंडाला टेकलं, टिक असा आवाज झाला, पडद्यावर आकडा आला. शून्य म्हणजे काळं, शंभर म्हणजे पांढरं.

"मावशी, माझा किती आला?"

अहिल्यानं सांगितला.

रुहीचा चेहरा पडला. शाळेत एवढे मार्क मिळवून ती कधी घरी आली नसावी. "इलादीदीचा किती आहे?"

टॉवेलवर उभ्या असलेल्या इलानं आपले पांढरे हात किंचित मागं घेतले.

"बरं, टार्गेट किती आहे?" रुहीनं विचारलं. "म्हणजे किती आणायचाय?"

"बघा," शिवांगी हसत म्हणाली, "आत्तापासून पर्सेंटेजचं टेन्शन."

अहिल्याला मेल्याहून मेल्यासारखं झालं. तिनं यंत्राचा पडदा तळव्याखाली झाकला. उशीरच झाला होता. मूल आपल्या दंडाकडे बघत होतं, आणि अंगठ्यानं एक जागा चोळत होतं. हे चोळणं अहिल्याच्या ओळखीचं होतं. नागपूरला उन्हाळ्याच्या सुटीत आत्या बेसन आणि साय घेऊन बसायची. लग्नासाठी काढलेल्या फोटोत स्टुडिओवाल्यानं अहिल्याला न विचारता तिला दोन छटा उजळवून दिलं होतं, आणि आई म्हणाली होती, हाच पाठवू या. त्या सगळ्यांना कुणाला विज्ञान येत नव्हतं. त्यांना माफ होतं.

"अहिल्याताई, पुढच्या रविवारपर्यंत होईल ना? ड्रेस रिहर्सल आहे."

नाही म्हणायला तोंड उघडावं लागतं. होईल म्हणायला मान हलवली तरी चालतं. अहिल्यानं मान हलवली.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती चहाचा कप घेऊन मागच्या अंगणात गेली. तिचा नवरा शैलेंद्र बर्फाळ हिवाळ्यानं मारलेली हिरवळ दाताळ्यानं खरवडत होता.

"मला तो रंग बनवायचा नाही," ती म्हणाली.

"कुठला? ऑफिसचा?"

"इलाचा. रुहीचा."

तो दाताळ्यावर रेलला. "अगं, मेकअप आहे तो. आमच्या मंडळाच्या नाटकात मी तीन अंक दाढी लावून बसलो होतो. कुणी म्हणालं, शैलेंद्रचा अपमान झाला?"

"दाढी सगळ्या म्हाताऱ्यांना होती. हा एकटीला आहे."

"मग नको बनवू. लॉर्ना काय खाणार आहे तुला?"

"इलाला रांगेतून काढेल. या वर्षी ती पुढं आहे, मधला छोटा सोलोसुद्धा तिला दिलाय. कॉलेजला जायच्या आधीचा शेवटचा कार्यक्रम."

शैलेंद्रनं थोडा विचार केला आणि नेहमीचा रस्ता धरला. "एवढं मनावर घेऊ नकोस. तुझाच फोटो आठव. मी फोटोतलीला हो म्हणालो आणि विमानतळावर भलतीच उतरली." तो हसला. "नशीब माझं, भलती चांगली निघाली."

वीस वर्षं ती या विनोदाला हसत आली होती. चारचौघांत तर आधीपासूनच हसायला तयार असायची. आज ती हसली नाही. शैलेंद्रचं हसू तोंडावरच विरलं.

"तुला लागतं ते?" त्यानं विचारलं. "एवढी वर्षं?"

"मलाही आत्ताच कळलं," ती म्हणाली, आणि कप घेऊन आत गेली.

मंगळवारी ती मिस लॉर्नाला सांगायला शाळेत गेली. मिस लॉर्ना गुडघ्यावर बसून एका छोट्या मुलीची पावलं वळवून देत होती. वर बघून इतकी मनापासून हसली, की अहिल्यानं इलादेखत कार्यक्रमाच्या दिवशी गाड्या कुठं लावायच्या ते विचारलं आणि परत आली. गुरुवारी पुन्हा गेली. या वेळी वाक्य तयार होतं. त्यात दिव्यांचा उल्लेख होता, निळ्याऐवजी जरा उबदार कागद लावला तर सावळे हातही उठून दिसतील असं होतं. सगळं शास्त्रशुद्ध, कुणाला लागणार नाही असं. बाहेरून काचेतून तिनं पाहिलं. रांग मंद चालत होती. इला पुढं होती, आणि शेवटून रुही तिच्याकडे बघून मनगट उचलत होती. अहिल्या शेजारच्या किराणात गेली आणि गरज नसताना हिंगाची डबी घेऊन आली.

परतताना गाडीत ती म्हणाली, "इला, मी मिस लॉर्नाला सांगणार आहे. यापुढं रंग नाही बनवणार."

इलानं कानातला एक इअरबड काढला. "ओके."

"तुला काय वाटतं?"

"तू मला का सांगतेस? तिला सांग."

"तुझा सोलो जाईल कदाचित."

"आय नो." तिनं दुसराही इअरबड काढला. मग तिच्या तुटक मराठीत, शब्द शोधत म्हणाली, "गेला तर मी रडणार. खूप रडणार. आय वोन्ट बी ब्रेव्ह अबाउट इट. पण तू ते माझ्यासाठी करते असं नको बोलू, ओके? मी तर सवय केली."

"तू तेव्हाच का नाही म्हणालीस, नको म्हणून?"

इलानं आईकडे पाहिलं. तिच्या नजरेत राग असता तर अहिल्याला सोपं गेलं असतं.

"बिकॉज यू लुक्ड सो हॅपी," ती म्हणाली. "जेव्हा मॅच झालं. तू माझ्याकडे तशी कधी बघत नाही. मला वाटलं, तुला हेच पाहिजे."

अहिल्यानं दोन्ही हात स्टिअरिंगवर घट्ट धरले. रस्ता सरळ होता. वळायला जागा नव्हती, थांबायलाही.

आणि तरी शनिवारी तिनं रुहीची डबी भरली. याचं तिला स्वतःलाच नवल वाटलं. मनात नाही म्हणत हात मात्र झिंक तोलत होते, लोह-ऑक्साइडची चिमूट कमी-जास्त करत होते, खिडकीच्या उजेडात पाहून मग दिव्याखाली पाहत होते. रंग उत्तम झाला. आजवरचा सगळ्यांत चांगला. कोपराच्या घडीतही फुटला नसता.

ड्रेस रिहर्सल एका हायस्कूलच्या नाट्यगृहात होती, रविवारी सकाळी. रंगमंचामागच्या खोलीत बल्ब लावलेले आरसे होते. झगे, हेअरस्प्रे, केळ्यांच्या साली, आणि कंबर वाकवून घोट्याच्या फिती बांधणाऱ्या मुली. गोऱ्या मुलींचे हात तसेच होते. कुणाला वांग, कुणाला उन्हाचा लाल पट्टा, एकीच्या मनगटाला मांजराचे ओरखडे. वीस मुलींचे वीस रंग. तीन वर्षं अहिल्या या खोलीत येत होती आणि फक्त एकाच मुलीच्या हातांकडे पाहत होती. आज तिनं सगळ्यांचे पाहिले. एकही दुसरीशी जुळत नव्हता. प्रयोगशाळेत हे दरवाजे तिनं केव्हाच परत पाठवले असते.

रुही स्टुलावर बसली होती, दोन्ही हात पुढं करून, डोळे मिटून. इंजेक्शन घेतात तशी. शिवांगी तिच्या केसात पिना खोचत होती.

"या, या, अहिल्याताई. पेशंट रेडी आहे."

इला आरशापाशी उभी होती, हात उघडे. ती आईकडे बघत नव्हती. आरशातून बघत होती.

अहिल्यानं पिशवीतून दोन्ही डब्या काढून टेबलावर ठेवल्या. रुहीच्या डबीचं झाकण फिरवलं. गुलाबपाण्याचा वास आला. तिनं स्पंज उचलला, आणि तिला रुहीच्या दंडावर ती जागा दिसली: अंगठ्यानं चोळून चोळून लालसर झालेली, नाण्याएवढी. आठवडाभर चोळली असणार.

अहिल्यानं स्पंज खाली ठेवला. झाकण परत लावलं.

"काय झालं?" शिवांगीनं विचारलं. "वाळलाय का?"

"नाही. चांगला झालाय."

"मग?"

"रुही, डोळे उघड," अहिल्या म्हणाली. "लावायचं नाहीये."

शिवांगीच्या हातातली पीन तशीच राहिली. "म्हणजे? ताई, असं काय करताय? लॉर्नानं हिला रांगेतून काढलं तर? पहिलं वर्ष आहे तिचं."

"माहीत आहे."

"तीन वर्षं तुमच्या इलाला लावलंत. तेव्हा नाही काही वाटलं. तिला पुढची जागा मिळाली, सोलो मिळाला. आता माझ्या मुलीची वेळ आली आणि तुम्हाला तत्त्वं सुचली?"

खोलीतल्या इतर मुलींना मराठी कळत नव्हतं, पण आवाज कळत होता. बोलणी थांबली. अहिल्यानं उत्तर शोधलं. दिव्यांचं, कागदाचं, शंभर वर्षांपूर्वीच्या पॅरिसचं. सगळी तयार होती, आणि त्यातलं एकही तोंडातून काढण्याजोगं नव्हतं.

"खरं आहे तुझं," ती म्हणाली. "तेव्हाच वाटायला हवं होतं."

शिवांगीला हे अपेक्षित नव्हतं. तिनं गेल्या वर्षीच्या ईमेलमधली बाई होऊन काहीतरी बोलायला तोंड उघडलं, मग नजर टेबलावरच्या पांढऱ्या डबीवर गेली, आणि तिथून रुहीच्या दंडावर. लाल जागा तिनंही आत्ताच पाहिली असावी. तिनं तिच्यावर हलकेच हात ठेवला.

दारात मिस लॉर्ना उभी होती. गळ्यात शिट्टी, हातात काठी, विरळ पांढऱ्या केसांचा घट्ट अंबाडा. उघड्या गळ्यावर आता फिकट झालेले वांग दिसत होते.

"लेडीज, पाच मिनिटं," ती म्हणाली. मग तिनं इलाचे हात पाहिले. रुहीचे पाहिले. "अहिल्या? अजून लावलं नाही? काही अडचण आहे का?"

अडचण आहे म्हटलं असतं तर सुटका होती. रंग फाटला, डबी घरी राहिली. मिस लॉर्नानं मान डोलावली असती, आजचा दिवस निभावला असता, आणि कार्यक्रमाच्या संध्याकाळी पुन्हा हीच खोली, हेच स्टूल. आरशातून इला बघत होती. तिच्या चेहऱ्यावर आशा नव्हती. आई काय करते हे तिला ठाऊक होतं, पार्किंगबद्दल विचारेल.

अहिल्याला आपले कान गरम झालेले कळत होते. तिनं दोन्ही हात टेबलाच्या कडेवर ठेवले. तिचे स्वतःचे हात, बल्बांच्या पिवळ्या उजेडात, दोन पांढऱ्या डब्यांच्या मधे. तिनं मिस लॉर्नाकडे पाहिलं आणि इंग्रजीत, सावकाश, खोलीतल्या प्रत्येकीला ऐकू जाईल असं म्हणाली,

"अडचण काही नाही, लॉर्ना. रंग तयार आहे. पण मी तो माझ्या मुलीला लावणार नाही, या मुलीला लावणार नाही, आणि यापुढं कुणासाठी बनवणारही नाही."